मालिकेच्या सेटवरून चित्रपटाकडे : व्ही. के. मूर्ती यांच्या कारकिर्दीवरून पडलेला एक प्रश्न

घोडबंदरचा सहायक (प्रश्न) :

नमस्कार. मी एका मराठी दैनंदिन मालिकेच्या कॅमेरा विभागात सहायक आहे. पदवी झाली आहे, परंतु छायालेखनाचे रीतसर शिक्षण झालेले नाही. जे काही येते ते सेटवरच शिकलेले आहे. पुढे चित्रपटांसाठी छायालेखन करावे अशी इच्छा आहे. मात्र या क्षेत्रातील एका ज्येष्ठ व्यक्तीने मला सांगितले की मालिकेत काही वर्षे गेली की डोळ्याला सपाट उजेडाची सवय लागते, आणि एकदा ‘मालिकावाला’ असा शिक्का बसला की चित्रपटाच्या युनिटमध्ये कोणी उभे करत नाही.

हे मनात घोळत असतानाच छायालेखक (कॅमेरामन) व्ही. के. मूर्ती यांच्याविषयी वाचनात आले. ज्यांनी ‘प्यासा’ आणि ‘कागज के फूल’ चित्रित केले, त्याच मूर्तींनी साठी ओलांडल्यावर दूरदर्शनसाठी ‘तमस’ आणि ‘भारत एक खोज’ यांचे छायालेखन केले, हे मला आजवर ठाऊक नव्हते. ते वाचून प्रथम थोडे वाईट वाटले आणि नंतर कुतूहल वाटू लागले.

मला दोन गोष्टी विचारायच्या आहेत. मूर्तींचे दूरचित्रवाणीकडे वळणे ही त्यांच्या कारकिर्दीची उतरण मानावी का? आणि माझ्यासारख्याने मालिका सोडून कमी पैशांत चित्रपटाच्या युनिटमध्ये शिरावे, की आधी शिक्षण घ्यावे, याबाबत त्यांच्या वाटचालीतून काही हाती लागते का?


जुन्या पडद्याचा वाचक :

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर या व्यवसायात असलेल्यांनी द्यावे. मी फक्त मूर्तींबद्दल लिहितो, कारण त्यांच्याबद्दल बोलणारे बहुतेक जण १९५२ ते १९६२ या दहा वर्षांपाशीच थांबतात आणि मग त्यांची संपूर्ण कारकीर्द नजरेसमोर येतच नाही.

मूर्तींचा जन्म १९२३ साली म्हैसूरला झाला. बंगळूरच्या श्री जयचामराजेंद्र संस्थेतून त्यांनी १९४६ मध्ये छायालेखनाची पदविका घेतली आणि मुंबई गाठली. (ते व्हायोलिनही वाजवत असत. त्यांच्या कॅमेऱ्याच्या हालचालीतील लयीचे मूळ काही जण त्यात शोधतात; मला ते जरा ओढूनताणून वाटते.) म्हणजे आपण ज्याला रीतसर शिक्षण म्हणता ते त्यांच्याजवळ होते, आणि तरीही पुढची काही वर्षे त्यांनी दुसऱ्यांच्या हाताखालीच काढली. फली मिस्त्री हे त्या काळचे फार मोठे नाव. त्यांच्याकडे मूर्ती सहायक होते. १९५१ च्या ‘बाजी’चे छायालेखक व्ही. रात्रा होते आणि मूर्ती त्यांचे सहायक. त्या चित्रपटात एका गाण्यासाठी मूर्तींनी फिरत्या कॅमेऱ्याचा एक अवघड शॉट सुचवला, रात्रांनी मोठ्या मनाने तो त्यांनाच घेऊ दिला, आणि तेथे त्यांच्याकडे चित्रपटाचे दिग्दर्शक गुरुदत्त यांचे लक्ष गेले. पुढच्याच वर्षी आलेला, गोव्याच्या किनाऱ्यावरील मच्छीमारांची पार्श्वभूमी असलेला ‘जाल’ गुरुदत्तांनी मूर्तींच्या हाती सोपवला.

त्यानंतरचे सर्वांना माहीत आहे. ‘आर पार’, ‘मिस्टर अँड मिसेस ५५’, ‘प्यासा’, भारतातील पहिला सिनेमास्कोप (रुंद पडद्याचा) चित्रपट ‘कागज के फूल’, आणि १९६२ चा ‘साहिब बीबी और गुलाम’. शेवटच्या दोन्ही चित्रपटांसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. त्यांतला ‘कागज के फूल’ प्रदर्शित झाला तेव्हा सपशेल पडला होता आणि त्यानंतर गुरुदत्तांनी दिग्दर्शक म्हणून आपले नाव पुन्हा कधी पडद्यावर दिले नाही, हेही ध्यानात घ्यावे. ज्या चित्रपटाने दिग्दर्शकाचा दिग्दर्शनावरचा विश्वास उडवला, त्याच चित्रपटाने छायालेखकाचे नाव कायमचे केले.

आता तो भाग, जो सहसा गाळला जातो. १९६४ मध्ये गुरुदत्त गेले तेव्हा मूर्ती अवघे चाळिशीचे होते. त्यांनी पुढे काय केले? प्रमोद चक्रवर्ती यांच्याबरोबर ‘जिद्दी’, ‘लव्ह इन टोकियो’, ‘नया जमाना’, ‘जुगनू’ यांसारखे रंगीत, गाणी आणि मारामाऱ्यांनी भरलेले, लोकप्रिय चित्रपट केले. चक्रवर्तींशी त्यांचा संबंध १९५८ च्या ‘१२ ओ’क्लॉक’पासूनचा होता. ‘प्यासा’च्या प्रेमात असलेल्या समीक्षकाला या चित्रपटांबद्दल काही बोलायचे नसते, परंतु छायालेखकाच्या दृष्टीने हेच खरे नोकरीपेशाचे आयुष्य होते. उतरण शोधायचीच असेल तर, रसिकाच्या मापाने, ती येथे शोधावी लागेल, दूरचित्रवाणीत नव्हे.

कारण १९८८ साली मूर्ती दूरचित्रवाणीकडे वळले त्याची मुळे मागे होती. गोविंद निहलानी हे बंगळूरच्या त्याच संस्थेत शिकले आणि मुंबईत मूर्तींचे सहायक झाले. स्वतंत्र छायालेखक म्हणून त्यांचे सुरुवातीचे काम मराठीतले आहे, ते म्हणजे १९७१ चा, सत्यदेव दुबे दिग्दर्शित ‘शांतता! कोर्ट चालू आहे’. पुढे श्याम बेनेगल यांच्या ‘अंकुर’, ‘निशांत’, ‘मंथन’, ‘भूमिका’ यांचे छायालेखन त्यांनी केले आणि १९८० च्या ‘आक्रोश’पासून ते दिग्दर्शक झाले. भीष्म साहनींच्या कादंबरीवरून दूरदर्शनसाठी ‘तमस’ करायला घेतले तेव्हा कॅमेऱ्यामागे त्यांनी आपल्या गुरूंना आणले. त्याच सुमारास बेनेगलांनी ५३ भागांची ‘भारत एक खोज’ केली आणि तिचेही छायालेखन मूर्तींकडे होते. ज्याला आपण काम शिकवले त्याच्यासाठी काम करणे, आणि ज्या दिग्दर्शकाची दृष्टी आपल्याच शिष्याने कॅमेऱ्यात उतरवली त्याच्यासाठीही काम करणे, असा योग फार थोड्यांच्या वाट्याला येतो.

२००८ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार मूर्तींना मिळाला. तो मिळवणारे ते पहिले छायालेखक होत. २०१४ मध्ये बंगळूरला त्यांचे निधन झाले.


कटर आणि थर्माकोल :

मी प्रकाशयोजनेच्या कामात आहे, मालिका आणि चित्रपट दोन्ही केले आहेत, म्हणून त्या ‘सपाट उजेडा’बद्दल लिहितो.

दैनंदिन मालिकेत उजेड सपाट असतो तो डीओपीला, म्हणजे मुख्य छायालेखकाला, काही येत नाही म्हणून नव्हे. एकाच वेळी दोन-तीन कॅमेरे वेगवेगळ्या कोनांतून तोच प्रसंग घेत असतात. एका कॅमेऱ्यासाठी जो सुंदर बॅक लाइट (कलाकाराच्या मागून येणारा उजेड) असतो, तोच समोरच्या कॅमेऱ्याच्या फ्रेममध्ये थेट घुसतो किंवा दुसऱ्या कलाकाराच्या चेहऱ्यावर नाकाची लांब सावली टाकतो. त्यामुळे उजेड वरून, पसरट आणि मऊ ठेवावा लागतो, आणि तो शॉटसाठी न बांधता त्या खोलीसाठी बांधला जातो. शिवाय त्याच दिवाणखान्यात एका दिवशी निरनिराळ्या भागांतले प्रसंग घेतले जातात आणि पंधरवड्यानंतर उरलेला अर्धा प्रसंग घेताना तो उजेड तंतोतंत जुळावा लागतो. अशा वेळी कोणीही शहाणा माणूस फार बारीकसारीक खेळ करत नाही. वाहिनीलाही चेहरे स्वच्छ उजळलेले हवे असतात, हा भाग वेगळाच.

चित्रपटात साधारणपणे एक कॅमेरा असतो. मास्टर शॉट (संपूर्ण प्रसंगाचा रुंद शॉट) झाला की क्लोजअपसाठी दिवे पुन्हा सरकवता येतात, कटर (उजेड अडवणारा काळा फलक) लावून भिंतीवरचा उजेड कापता येतो, उजेड परतवणारा पांढरा थर्माकोल जवळ आणून डोळ्यांत हलकी चमक देता येते. ‘साहिब बीबी और गुलाम’मधले ‘साकिया आज मुझे नींद नहीं आएगी’ हे गाणे पुन्हा पाहावे. मुख्य नर्तिकेवर भरपूर उजेड आहे आणि तिच्याभोवती नाचणाऱ्या इतर नर्तिका मात्र सावलीतच राहतात. त्या हलत्या माणसांवर उजेडाची सीमारेषा कोठे पडणार, कोणी किती पावले पुढे आले तर तिचा चेहरा उजळेल, हे सर्व आधी ठरवलेले असल्याशिवाय तसे होत नाही. तीन कॅमेऱ्यांच्या मालिकेत हे करून पाहा म्हणजे काही मिनिटांत समजेल की ते का शक्य नाही.

‘कागज के फूल’मधला, वरून खाली फरशीवर पडणारा तो प्रसिद्ध प्रकाशझोत सर्वांनी पाहिला आहे, पण तो आरसे वापरून का घेतला याचा विचार फारसा कोणी करत नाही. दिवा वस्तूच्या जवळ असतो, म्हणून त्याचे किरण पसरत जातात. झोत जसा लांबतो तसा तो रुंद आणि फिका होतो, आणि पाहणाऱ्याला कळत नकळत जाणवते की वर कोठेतरी दिवा टांगलेला आहे. सूर्य इतका दूर आहे की त्याचे किरण आपल्यापर्यंत जवळजवळ समांतर येतात. मूर्तींनी स्टुडिओच्या बाहेर मोठ्या आरशावर ऊन घेतले, ते आतल्या आरशावर टाकले आणि तेथून खाली फरशीवर सोडले. हवेत धूर असला की असा झोत वरपासून खालपर्यंत एकाच जाडीचा, काठ ठसठशीत असलेला दिसतो. त्यात अडचण एवढीच की सूर्य थांबत नाही. आरसा सतत थोडा थोडा फिरवत राहावा लागतो आणि ढग आला तर सगळ्यांनी बसून राहावे लागते. दिवसाला ठरावीक मिनिटांचे चित्रण पूर्ण करून द्यायचे बंधन असलेल्या युनिटला हे परवडणारे नाही. तंत्र कोणालाही शिकता येते, पण वाट पाहण्याची मुभा निर्मात्याकडून मिळावी लागते.

तरीही मालिका काहीच शिकवत नाही असे मी म्हणणार नाही. चेहरे वाचायला शिकवते. तोच कलाकार रोज, कधी दमलेला, कधी डोळे सुजलेले, आणि तरी कालच्यासारखाच दिसला पाहिजे. हे साधताना कोणत्या चेहऱ्याला कोणत्या बाजूने उजेड मानवतो, हे जितके मालिकेत कळते तितके इतरत्र कोठे कळत नाही.


प्रभात रोड :

वरील दोन्ही प्रतिसाद माहितीपूर्ण आहेत, परंतु मूळ प्रश्नकर्त्याची त्यातून दिशाभूल होऊ नये म्हणून एक गोष्ट स्पष्ट करणे आवश्यक वाटते. मूर्तींनी ‘दूरचित्रवाणी केली’ हे खरे असले तरी त्यांनी ‘मालिका’ केली नाही, निदान आज आपण ज्या अर्थाने तो शब्द वापरतो त्या अर्थाने नाही. ‘तमस’ आणि ‘भारत एक खोज’ या दोन्हींना शेवट ठरलेला होता, संहिता होती, आणि चित्रपटाच्या रीतीने काम करणारे दिग्दर्शक होते. पडदा लहान झाला आणि चित्र चौकोनी झाले, पण कामाची पद्धत चित्रपटाचीच राहिली. तेव्हा मूर्तींचे उदाहरण देऊन ‘दूरचित्रवाणी हलकी नसते’ असे एखाद्या दैनंदिन मालिकेतील सहायकाला सांगणे म्हणजे त्याला धीर देणे आहे, माहिती देणे नव्हे.

माझ्या मते खरी सीमारेषा चित्रपट आणि दूरचित्रवाणी यांच्यामध्ये नाही. जिला शेवट आहे अशी कथा आणि प्रेक्षकसंख्या टिकेल तोवर चालणारी कथा, यांच्यामध्ये ती आहे. पहिल्या प्रकारात छायालेखक आरंभापासून अखेरपर्यंतचा प्रवास डोळ्यांसमोर ठेवून उजेड, रंग आणि भिंगे ठरवू शकतो. पहिल्या भागात जे मोकळे दिसते ते शेवटच्या भागात कोंदट करता येते. दुसऱ्या प्रकारात शेवटच ठाऊक नसल्यामुळे अशी योजना करणे संभवत नाही. ओटीटीवरील मालिका पहिल्या प्रकारात मोडतात, आणि म्हणून आजचे छायालेखक चित्रपट व ओटीटी यांच्यात विनासायास ये-जा करताना दिसतात. अविनाश अरुण हे आपल्या जवळचे उदाहरण आहे. ते एफटीआयआयचे, म्हणजे पुण्याच्या चित्रपट प्रशिक्षण संस्थेचे, विद्यार्थी. ‘किल्ला’चे दिग्दर्शन आणि छायालेखन दोन्ही त्यांचे, त्या चित्रपटाला २०१४ च्या बर्लिन महोत्सवात बालचित्रपट विभागात पारितोषिक मिळाले, पुढच्या वर्षी त्यांनी ‘मसान’ आणि हिंदी ‘दृश्यम’ यांचे छायालेखन केले, आणि २०२० मध्ये ‘पाताल लोक’ या मालिकेचे सहदिग्दर्शन केले. याला कोणी उतरण म्हटल्याचे ऐकिवात नाही.

शिक्षणाविषयी थोडे. एफटीआयआयमध्ये छायालेखनाचे दोन स्वतंत्र मार्ग आहेत. चित्रपट विभागातील अभ्यासक्रम तीन वर्षांचा आहे आणि दूरचित्रवाणी विभागातील इलेक्ट्रॉनिक सिनेमॅटोग्राफीचा एक वर्षाचा. दोन्हींसाठी पदवी लागते. ज्याने सेटवर काम केलेले आहे त्याला एक वर्षाच्या अभ्यासक्रमातील यंत्रांची ओळख बऱ्याच अंशी आधीच असते. त्याच्याकडे नसतो तो चित्रे पाहण्याचा सराव, अर्थात चित्रकला, छायाचित्रण आणि जगभरचे चित्रपट शिक्षकांसमोर बसून, वाद घालत पाहणे. त्यासाठी तीन वर्षेच उपयोगी पडतात, आणि तीन वर्षे कमाई न करता राहणे सर्वांना जमत नाही, हे मी जाणतो.


घोडबंदरचा सहायक :

सर्वांचे मनापासून आभार. ‘प्रभात रोड’ यांचा मुद्दा मला थोडा लागला, परंतु पटलाही. तीन वर्षे घरी पैसे न देता राहणे मला शक्य नाही. त्यामुळे प्रश्न आता असा उरतो की चित्रपटाच्या युनिटमध्ये शिरायचे तर कोणत्या पायरीवरून शिरावे. मालिकेत मी पहिला सहायक आहे. चित्रपटात मला अटेंडंट म्हणून किंवा शेवटचा सहायक म्हणून जागा मिळू शकेल असे एकाने सुचवले आहे. पायरी उतरून जावे का?


कटर आणि थर्माकोल :

जावे, पण कोणाकडे जाता ते पाहून जावे. पायरीपेक्षा माणूस महत्त्वाचा आहे. ज्या डीओपीचे आधीचे सहायक आज स्वतंत्रपणे काम करत आहेत, त्याच्याकडे शेवटचे सहायक होणे चांगले. ज्याच्याकडे तोच पहिला सहायक वर्षानुवर्षे तेथेच आहे, त्याच्याकडे पहिले सहायक होऊनही फार काही मिळत नाही. हे शोधून काढणे अवघड नाही. चित्रपटांच्या श्रेयनामावल्या मागेपुढे लावून वाचल्या की कोण कोणाकडून आला ते दिसते.

दुसरे असे की अटेंडंटचे काम आणि सहायकाचे काम यांत फरक आहे. अटेंडंट भाड्याच्या उपकरणांबरोबर येतो, भिंगे आणि कॅमेरा यांची जबाबदारी त्याची असते. भिंगांची जी ओळख त्याला होते ती सहायकांनाही होत नाही, आणि आजचे काही फार चांगले फोकस पुलर (चित्रण चालू असताना भिंगाचा फोकस सांभाळणारे) त्याच वाटेने आलेले आहेत. परंतु प्रकाशयोजना शिकायची असेल तर त्या जागेवरून ती लांबून पाहावी लागते. आपल्याला उजेडातच रस आहे असे आपल्या प्रश्नावरून वाटते. तसे असेल तर डीओपीच्या बाजूला उभे राहायला मिळेल अशी जागा मागावी, पैसे कमी असले तरी चालेल.


जुन्या पडद्याचा वाचक :

मूर्तींच्या बाबतीत एवढेच जोडतो की रात्रांचे सहायक असताना ते पदविकाधारक होते, मुंबईत त्यांना काही वर्षे झालेली होती आणि वयाची पंचविशी उलटली होती. आपले वय त्याच्या आसपास असेल तर उशीर झाला असे निदान त्यांच्या उदाहरणावरून म्हणता येणार नाही. आणि ‘बाजी’तला तो शॉट त्यांनी सुचवला तेव्हा तो सुचवण्याचा त्यांना तसा काही अधिकार नव्हता, हेही पाहावे.


प्रभात रोड :

आपल्याला लागावे असा हेतू नव्हता. लागले असल्यास क्षमस्व. एक व्यावहारिक सूचना करतो. मालिका सोडण्यापूर्वी सुटीच्या दिवसांत एखादा लघुपट स्वतः चित्रित करावा. पुण्या-मुंबईत संहिता हाती असलेले आणि कॅमेरामन शोधणारे नवे दिग्दर्शक भरपूर आहेत. एकच कॅमेरा, शक्य असेल तर एकच भिंग, आणि संध्याकाळचा एखादा अंतर्गत प्रसंग निवडावा, कारण मालिकेच्या सवयी त्यातच सर्वांत लवकर उघड्या पडतात. चित्रपटाच्या डीओपीकडे काम मागायला जाल तेव्हा ते मालिकेचे भाग पाहत बसणार नाहीत. दोन-तीन मिनिटांचे असे काही हाती असले तर पाहतील. वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशनचे सदस्यत्व अजून घेतले नसल्यास त्याचीही चौकशी करून ठेवावी. मुंबईतल्या मोठ्या युनिटमध्ये सहायकालाही ते विचारले जाते.


घोडबंदरचा सहायक :

सदस्यत्व आहे. लघुपटासाठी एका मैत्रिणीची संहिता आहे आणि तिच्यात नेमका स्वयंपाकघरातला संध्याकाळचा प्रसंग आहे. मालिकेचे पुढील चित्रण पावसामुळे थोडे पुढे ढकलले गेले आहे, तेवढ्या दिवसांत तो घेऊन पाहतो. ‘कटर आणि थर्माकोल’ यांना एक विचारायचे आहे : स्वयंपाकघराची खिडकी एकच आणि पश्चिमेकडची आहे. बाहेर परावर्तक लावून ऊन आत घ्यावे, की सूर्य मावळल्यावर खिडकीबाहेर दिवा उभा करून काम करावे?


कटर आणि थर्माकोल :

पावसाळ्यात उन्हावर भिस्त ठेवू नका. खिडकीबाहेर दिवा लावा, पण तो जितका मागे नेता येईल तितका न्या. जवळ ठेवला तर ओट्यावरचा डबा आणि मागची भिंत यांवरील उजेडात मोठा फरक पडतो आणि तो दिवा असल्याचे लगेच कळते. जागा कमी असेल तर दिवा उलटा करून पांढऱ्या कापडावर मारा आणि तेथून परतलेला उजेड आत घ्या. खोलीतला ट्यूबलाइट मात्र बंद ठेवा.